जळायच्या आधी किती उडलं

उद्धव पडला ते सगळ्यांनी बघितलं. वसुधानंही बघितलं. चिंचवडला ओट्याशी उभी राहून ती डब्याच्या पोळ्या लाटत होती, पीठ लागलेल्या बोटानं फोन उघडला, तर तिचा धाकटा भाऊ. सिंगापूरला, हौगांगच्या हॉकर सेंटरात, म्हणजे खायच्या स्टॉलांच्या हॉलमध्ये, हातात जेवणाचा ट्रे. दोन पावलं चालला, थांबला, ट्रे वाकडा झाला, आणि खाली. संपलं. कुणीतरी शेजारच्या टेबलावरनं काढलेला व्हिडिओ, आणि पुढं कुणा शहाण्यानं त्याला रडकी बासरी लावलेली.

तो गेल्याचा फोन तर आदल्या दिवशीच आला होता, त्याच्या बायकोचा, स्मिताचा. तिच्या तोंडून ऐकलं तेव्हा वसुधा रडली. व्हिडिओ बघितला तेव्हा मात्र रडूच आलं नाही, नुसती लाटणं धरून उभी. नात्यातला ग्रुप, सोसायटीचा ग्रुप, जुन्या शाळेचा ग्रुप, सगळीकडं तेच फिरत होतं, आणि खाली हात जोडलेल्यांची रांग. सेहेचाळीस वर्षांचा माणूस, हसला, भांडला, पोरीला खांद्यावर घेऊन फिरला, आणि लोकांकडं उरला काय, तर एक वाकडा झालेला ट्रे.

हे पोरीनंही बघितलं होतं. गार्गीनं. बारा वर्षांची. शाळेत मैत्रिणीनं दाखवलं. ती बिचारी काही वाईट म्हणून नाही, विचारायला, हे तुझे बाबा का?

वसुधा विमानानं सिंगापूरला आली, कार्य झालं, पाहुणे गेले, स्मिता परत ऑफिसला जायला लागली. जायलाच लागणार, तिच्या नोकरीवर आता सगळ्यांचा पास, तिथं राहायचा परवाना. वसुधा मागं राहिली, पोरीला सोबत म्हणून. तर पोर बोलेना. म्हणजे भूक लागली, दप्तर कुठंय, एवढं बोलायची. "बाबा" असा शब्द कुणी काढला की उठून खोलीत. एकदाच आईला म्हणाली होती, "ममा, डोळे मिटले की तेवढंच दिसतं. बाकीचे बाबा येतच नाहीत."

स्मितानं हे वसुधाला भांडी विसळता विसळता सांगितलं आणि नळ चालूच ठेवला. बाकीचे बाबा येतच नाहीत. वसुधाच्या छातीत ते काट्यासारखं रुतून बसलं. तिनं ठरवलं, परत जायच्या आधी पोरीला तिचा बाप मिळवून द्यायचा. कसा, ते काही माहिती नव्हतं. सातवी शिकलेली बाई, तिथली भाषा येत नाही, लिफ्टमध्ये शेजारीण हसली की ही पण हसायची, तेवढीच ओळख.

आणि घरात जेवायच्या टेबलावर, डोक्याच्या वर, ते जहाज लटकलेलं.

आता त्या जहाजाचं सांगायला पाहिजे, म्हणजे उद्धवचंच सांगायला पाहिजे.

उद्धव लहानपणापासून "का" विचारणारा. आई धुण्याभांड्याला जायची, त्याला सांभाळला वसुधानंच, म्हणून तिची शाळा सुटली नि त्याची चालू राहिली. त्यानं डिप्लोमा केला, नोकरी धरली, कॉम्प्युटरचे प्रोग्राम तपासायची. टेस्टर. वसुधा विचारायची, "म्हणजे रे काय करतोस?" तर म्हणायचा, "ताई, दुसऱ्यानं केलेलं मोडून बघतो. मोडलं तर पगार." पुढं सिंगापूर. तिथं एकदा कंपनीनं ट्रेनिंगला बसवलं. शिकवणाऱ्यानं पडद्यावर एक जुनी काळी-पांढरी फिल्म लावली. मोठ्ठं, आकाशाएवढं फुग्याचं जहाज खाली येतंय, आणि भडका. अर्ध्या मिनिटात नुसता सांगाडा. एक माणूस मागनं रडत बोलतोय. वर्गातली सगळी हाय हाय करायला लागली. शिकवणारा म्हणाला, बघा, चूक झाली की असं होतं.

उद्धवनं हात वर केला. म्हणाला, "सर, जळायच्या आधी ते किती उडलं होतं?"

सरांना माहिती नव्हतं. कुणालाच नव्हतं. आणि तिथनं त्याला ते वेड लागलं.

दर रविवारी तो ताईला व्हिडिओ कॉल लावायचा. ताई इकडं मेथी निवडायची आणि तो तिकडं जहाजं उडवायचा. "ताई, ते केवढं होतं माहितीये? आमचा हा चौदा मजल्यांचा ब्लॉक आहे ना, एवढं उंच. आणि लांब म्हणशील तर असे दोन-तीन ब्लॉक एका ओळीत. आणि ते तरंगायचं! पंख हलवत नाही, गुरगुरत नाही. ढग जातो तसं. लोक खिडकीशी बसून जेवायचे. एका वर्षात किती वेळा तरी अख्खा समुद्र ओलांडून गेलं नि आलं. पियानो होता आत."

"पियानो? हवेत?"

"ॲल्युमिनियमचा. हलका पाहिजे ना."

वसुधाच्या हातातली मेथीची काडी तशीच राहायची. पुढचं ऐकून तर तिनं तोंडात बोटच घातलं. वर सगळा हायड्रोजन भरलेला, ठिणगी दिसली की पेटणारा, आणि त्याच्या पोटाखाली माणसं सिगरेट ओढायची! त्यासाठी वेगळी खोली. आत हवा अशी दाबून भरलेली की बाहेरनं गॅस शिरायलाच नको. काड्यापेट्या चढतानाच काढून घ्यायचे.

"मेल्यांना दोन दिवस दम निघत नव्हता का?" वसुधा म्हणाली होती, आणि उद्धव इतका हसला की फोन हातातनं पडला.

मग पेटलं कशानं, हे त्यानं तिला किती वेळा सांगितलं असेल. बहुतेक कुठंतरी गॅस गळत होता. हवा वादळी, जहाजाच्या अंगावर वीज साठलेली, उतरायचे दोर खाली सोडले आणि कुठंतरी ठिणगी पडली. छातीठोक आजही कुणी सांगत नाही. दुसरा गॅस होता, हेलियम, न पेटणारा, पण तो जवळजवळ सगळा अमेरिकेकडं, आणि ते देईनात. "पण ताई, त्या आगीतनं निम्म्याहून जास्त माणसं जिवंत बाहेर आली. हे कुणाला सांग, खोटं वाटतं. कारण फिल्ममध्ये ते नाही ना. आणि तो रडणारा माणूस, तो आवाज वेगळा घेतलेला, तबकडीवर. चित्र वेगळं, आवाज वेगळा. नंतर कुणीतरी एकाला एक जोडलं. जग समजतं असंच झालं."

तेव्हा वसुधा नुसती हं हं करायची. बासरी लावलेला तो व्हिडिओ बघितल्यावर तिला हे आठवलं.

तर असं वेड. दर वर्षी घरच्या गणपतीला उद्धवची आरास एकच, बाप्पाच्या डोक्यावर तरंगणारं जहाज. दर वर्षी आधीच्यापेक्षा मोठं. सांगाडा साते, म्हणजे तिथले कबाब, खायच्या काड्यांचा. स्टॉलवरची बाई त्याच्यासाठी धुऊन ठेवायची म्हणे. वर चंदेरी कापड, आत बारीक दिवे. या वर्षीचं तर पाच हात लांब, मागच्या शेपटीला कापड लावायचं तेवढं राहिलेलं. आणि माणूस आषाढात गेला. घरात वर्षभर सण नाही. म्हणजे गणपती नाही, आणि जहाज लटकतंय तसंच. स्मिताला काढवत नव्हतं आणि बघवत नव्हतं. गार्गी ताट घेऊन सोफ्यावर बसायची, जहाजाकडं पाठ करून.

श्रावण संपत आला तेव्हा विक्रांत आला. तिथल्या मराठी मंडळाचा, देखाव्याचं बघणारा. बुकित तिमाहला कॉन्डोत, भारीतल्या सोसायटीत राहतो, उद्धवचा चांगला मित्र, दारातच डोळे भरले त्याचे. चहा झाल्यावर म्हणाला, "ताई, उद्धवचं जहाज मंडळाच्या गणपतीला देता का? त्याच्या नावानं देखावा करू."

स्मितानं वसुधाकडं बघितलं. "चालतं का हो ताई? दुखवट्याच्या घरातलं?"

"घरात करायचं नाही एवढंच. दर्शनाला जायला कुणाची ना असते? आणि जहाजाला कसलं आलंय सुतक," वसुधा म्हणाली. "घेऊन जा."

विक्रांत खूश झाला. फोनवर चित्र काढून दाखवायला लागला. इथं बाप्पा, वर जहाज, पडदा उघडला की लाल दिवे, खालनं धूर सोडायचं मशीन, आणि ती जुनी रडणारी कॉमेंट्री, ओरिजिनल.

खोलीचं दार धाडकन लागलं. गार्गी केव्हा सोफ्यावरनं उठली ते कुणाला कळलंच नाही.

"आग नको," वसुधा म्हणाली.

"अहो ताई, पण ते त्यासाठीच फेमस आहे."

"असेल. आग नको."

"आग नसेल तर लोकांना कळणार कसं काय आहे ते? लांबनं दुधी भोपळा वाटेल हो!"

"वाटू दे दुधी. भाजी करून खा म्हणावं."

विक्रांतला हसावं का रडावं कळेना. "मग सांगणार काय देखाव्यात? काही घडायला नको का?"

"ते उडायचं," वसुधा म्हणाली. "एवढं मोठं धूड उडायचं, हे काही घडणं नाही का? तुम्ही उडवून दाखवा बघू एवढं. माझा भाऊ पडला ते सगळ्या दुनियेनं बघितलं. आता त्याचं जहाज पण पडतानाच दाखवायचं?"

स्मिता उठून आत गेली. विक्रांतनं चष्मा पुसला, म्हणाला, "बरं. पण मग कॉमेंट्री तुम्हीच म्हणायची. मला त्यातलं आगीशिवाय काहीच येत नाही."

रागाच्या भरात वसुधा हो म्हणून बसली. आणि मग रात्रभर कूस बदलत राहिली. माईक तिनं जन्मात धरला नव्हता. देखाव्याची कॉमेंट्री म्हणजे खणखणीत आवाज पाहिजे, "तर भाविकहो" असं पल्लेदार. पण शब्द तर देऊन बसली होती.

दुसऱ्या दिवसापासून तिनं स्वयंपाक करता करता म्हणायला सुरुवात केली. कणीक तिंबत, भिंतीकडं बघून, मोठ्यानं. "तर मंडळी, गॅस असतात दोन. हायड्रोजनचं जहाज म्हणजे साक्षात मरण. आणि हेलियमचं जहाज म्हणजे सुखरूप, कुणाच्या केसाला धक्का नाही..."

"राँग."

खोलीच्या दारातनं आवाज आला. वसुधानं मान वळवली नाही. कणीक तिंबत राहिली. "काय राँग?"

"हेलियमवालं पण पडलं, आत्या. अमेरिकेचंच. वादळात, समुद्रात. त्यात जवळजवळ सगळे गेले, पुरेशी लाइफ जॅकेटच नव्हती. आगीवाल्यापेक्षा डबल माणसं. पण तिथं कॅमेरा नव्हता, सो नोबडी नोज."

"असं होय. आणि मग हायड्रोजनवालं?"

"एक हायड्रोजनवालं अख्ख्या पृथ्वीला राउंड मारून आलं. वर्षानुवर्षं उडलं. एक पॅसेंजर पण मेला नाही. गॅसचं एवढं नसतं. बाबा म्हणायचे..."

आणि थांबली. वसुधाचा हात परातीत तसाच. श्वास सोडला तर पोर जाईल आत, असं वाटलं तिला. कुकर चढवलेला, तोही नेमका गप्प. मग तिनं कसंबसं, अगदी मीठ कुठंय विचारावं तसं विचारलं, "काय म्हणायचे?"

"म्हणायचे, गॅसला शिव्या घालणं सोपं आहे. विचारायचं की कापड कुणी चेक केलं. वेदर कुणी बघितलं. आणि घाई कुणाला होती."

अगदी उद्धव. शब्द तेच, मान वाकडी करायची तऱ्हाही तीच. वसुधानं पदर डोळ्याला लावला, कणकेच्या हातानं, आणि भुवईला पीठ लागलं. गार्गी म्हणाली, "आत्या, यू लुक लाइक क्लाऊन." आणि खोलीत गेली. पण दार उघडं ठेवून.

वसुधाला चुका मुद्दाम कराव्या लागल्याच नाहीत, तिच्या आपोआप व्हायच्या. कराचीला निघालेलं एक जहाज तिनं अमेरिकेला पाठवलं, तेव्हा गार्गीनं कपाळावर हात मारला. "ओ गॉड. ते इंग्लंडहून कराचीला निघालेलं! बाबांचं फेवरिट. तेव्हा कराची इंडियातच होतं ना. आपल्याकडे यायला निघालं होतं, आत्या. तिथे त्याच्यासाठी एवढी मोठी शेड बांधून रेडी ठेवलेली. निघायची डेट आधीच फिक्स, टेस्टिंग धड झालंच नाही. बाबांना तर रागच यायचा, टेस्टिंग म्हटलं की. पावसात निघालं, वरचं कापड फाटलं, फ्रान्समध्येच पडलं."

"आणि ती शेड?"

"राहिली उभी. रिकामी. खूप वर्षं."

वसुधा बसलीच खाली. एवढी मोठी शेड, आणि आत येणारा आलाच नाही. कराचीत बाया-माणसं मान वर करून बघत असतील, आज येईल, उद्या येईल. तिला जेवायच्या टेबलाची ती रिकामी खुर्ची दिसली. गार्गीला काय दिसलं कोण जाणे, पण ती आत्याच्या शेजारी येऊन फरशीवर बसली, आणि बराच वेळ दोघी वरच्या जहाजाकडं बघत राहिल्या. त्या संध्याकाळी गार्गीनं शिडी आणली आणि शेपटीचं राहिलेलं कापड स्वतः लावलं. थोडं चुण्या पडलेलं लागलं. स्मिता ऑफिसातनं आली, दारातच उभी राहिली, चप्पल काढायची विसरली.

गणपती आले. मंडळानं वुडलँड्सला एक हॉल घेतला होता. माणसं ही गर्दी. नवीन आलेली पोरं, विद्यापीठातली संशोधन करणारी, आजी-आजोबा, नऊवाऱ्या, ढोल. माईक वसुधाच्या हातात आला. "तर मंडळी," म्हणाली, आणि पुढं काहीच येईना. शेजारी गार्गी उभी. तिनं आत्याच्या हातातनं माईक घेतला. ठरलेलं नव्हतं हं हे. मग म्हणाली, "लाइट्स बंद करा, प्लीज."

हॉल काळोखा झाला. आणि बाप्पाच्या वर, कुठलीही दोरी दिसत नव्हती, चंदेरी जहाज उजळलं. पोटाखाली खिडक्यांची ओळ, एकेक खिडकी पिवळी, जशी आत माणसं जेवायला बसलीत. एसीच्या वाऱ्यानं ते इतकं हळू, इतकं हळू वळलं, की सगळ्यांच्या माना त्याच्याबरोबर वळल्या. एवढ्या गर्दीत समईची वात चुरचुरलेली ऐकू आली. वसुधानं आयुष्यात कितीतरी देखावे बघितले, पण अंगावर असा काटा कधी आला नव्हता. तिला वाटलं, हे उद्धवच्या डोक्यात होतं. हे सगळं त्या एका डोक्यात होतं, आणि आपण मेथी निवडत होतो.

एक बारकं पोर ओरडलंच, "दुधी!" हॉल हसला. विक्रांतनं लांबनं वसुधाकडं बघून हात जोडले. गार्गीही हसली, माईकमध्ये, आणि मग बोलायला लागली. तोडकंमोडकं मराठी, मधेच इंग्लिश, पण थांबली नाही. पियानो सांगितला. सिगरेटची खोली सांगितली. पृथ्वीभोवती फिरून आलेलं सांगितलं, म्हणाली कार्तिकेय मोरावर बसून गेला तसं, फक्त यात जेवण पण मिळायचं. समुद्रात बुडालेलं सांगितलं, कराचीला न पोचलेलं सांगितलं, आणि का, ते प्रत्येकाचं सांगितलं. "माझे बाबा हे सगळं सांगायचे," असं ती तीनदा तरी म्हणाली, एकदाही न अडखळता.

पुढच्या रांगेत एक आजोबा होते. त्यांना राहवेना. "पण बाळा, हे तेच ना? ते शेवटी जळालंच ना?"

स्मितानं वसुधाचा दंड घट्ट धरला.

गार्गी म्हणाली, "हो आजोबा, जळलं. त्याला अर्धं मिनिट लागलं. मी बाकीचं सांगतेय."

आजोबांनी मान डोलावली. हळूहळू, मोठ्यांच्या बोलण्याला डोलवावी तशी.

आरती झाली, प्रसाद झाला, लोक येऊन गार्गीच्या डोक्यावर हात ठेवून गेले. आठवणी सांगून गेले. कुणाला उद्धवनं पहिल्या दिवशी घर शोधून दिलेलं, कुणाचा कॉम्प्युटर दुरुस्त करता करता पार बिघडवलेला. व्हिडिओचं कुणी काढलं नाही. स्मिता ऐकता ऐकता हसत होती, नाक पुसत होती.

परतताना एमआरटीला, तिथल्या मेट्रोला, गर्दी नव्हती. सेरंगूनला गाडी बदलली, तिघींना ओळीनं जागा मिळाली. गार्गी मधे. दमली असेल, झोपेल, असं वसुधाला वाटलं, तर पोर म्हणते कशी, "आत्या, बाबांना तू कधी मारलंस?"

"मारलं?" वसुधा म्हणाली. "चांगला धोपटलाय."

"कशासाठी?"

"अगं, तुझ्यापेक्षा बारका होता. कुकर शिट्टी का मारतो, बघायचं होतं त्याला. मी डाळ लावून नळावर गेले, तर ह्यानं चिमट्यानं शिट्टीच उचलली. डाळीचं असं कारंजं उडालं, अख्खं छत पिवळं! मी धावत आले, तर हा डाळीत न्हालेला, भाजलाय बिजलाय, आणि मला म्हणतो, ताई, समजलं!"

गार्गी खदखदून हसली. पलीकडच्या बाकावरचा चिनी म्हातारा उगाच तिच्याबरोबर हसला. हौगांग आलं, त्यांचं उतरायचं स्टेशन. दारं उघडली. स्मितानं पिशवी उचलली, अर्धवट उठली, पोरीकडं बघितलं, आणि पिशवी मांडीवर घेऊन परत खाली बसली. दारं मिटली. गाडी पुढं निघाली, पुंगोलकडं.

"मग?" गार्गी म्हणाली. "मग छत कुणी पुसलं?"